अस्तंब्याचा दम वेगळा, लेहचा दम वेगळा

दिवाळीत सातपुड्यातल्या अस्तंबा डोंगरावरच्या, अस्तंबा ऋषीच्या यात्रेहून आमच्या तळोद्याकडची पोरं परत आली की ठरलेलं वाक्य, "वर हवाच विरळ आहे भाऊ, दम पुरत नाही", आणि मग लगेच, "अस्तंबा चढलो, आता लेहला काय होणार आपल्याला!" या दुसऱ्या वाक्याची मला खरंच काळजी वाटते.

अस्तंबा साधारण १३०० मीटर. तिथं हवेचा दाब समुद्रसपाटीच्या ८५ टक्क्यांच्या आसपास असतो, धडधाकट माणसाच्या रक्तातला ऑक्सिजन तेवढ्यानं फारसा कमी होत नाही. दम लागतो तो चढाचा. पाच-दहा मिनिटं दगडावर टेकलं, पाणी प्यायलं की श्वास जागेवर येतो, हीच त्याची खूण. आणि दुसऱ्या दिवशी मांड्या धरतात ना, त्या मुख्यतः उतरण्यामुळे, कारण उतरताना स्नायू ताणला जात असतानाच ब्रेक मारत असतो अन् त्यात त्याला बारीक इजा होते, पण एकदा दुखून गेलं की पुढचे काही आठवडे तोच उतार कमी त्रास देतो. मनाचंही तसंच आहे, नवखा माणूस प्रत्येक दगडाशी थांबतो, अंग आखडून घेतो, त्यातच दमतो. धडगावकडची पावरा आदिवासी माणसं बघा, नजर दोन-तीन पावलं पुढं आणि पाय आपोआप पडतात, लहानपणापासूनचा सराव तो.

लेह ३५०० मीटर. हवेत ऑक्सिजन तिथंही २१ टक्केच, पण दाब जवळपास दोन तृतीयांश, म्हणून प्रत्येक श्वासात तो कमी मिळतो, मग तुम्ही चढा नाहीतर खाटेवर पडून राहा. डोकं दुखतं, मळमळतं, झोप येत नाही. माझ्या मावसभावाला पहिल्याच रात्री हे झालं, आणि आमच्यात सगळ्यात काटक तोच! काटकपणा इथं वाचवत नाही, उलट असा माणूस पहिल्या दिवशीच जास्त फिरून घेतो. शरीर आधी श्वास वाढवतं, मग किडनी रक्ताचं गणित जुळवते (लघवी जास्त होते ती त्यामुळेच), तांबड्या पेशी वाढायला तर काही आठवडे जातात. व्यायामानं हे लवकर उरकत नाही.

म्हणून विमानानं उतरलात तर पहिले दोन दिवस नुसता आराम, आणि ३००० मीटरच्या वर मुक्कामाची उंची रोज ५०० मीटरपेक्षा जास्त वाढवायची नाही. बसल्या जागी धाप लागली, चालताना तोल गेला, माणूस असंबद्ध बोलायला लागला तर त्याला लगेच खाली न्या, रात्र असली तरी सकाळची वाट बघू नका.