‘लाँग लाँग टाइम’ : आवरून ठेवलेली गिटार पुन्हा काढली तेव्हा

साठचं दशक सरत आलं होतं. न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेजमधल्या एका कॅफेत पॉल सीबल या गायकाचा कार्यक्रम नुकताच आटोपला होता. त्याला साथ करणारा गॅरी व्हाइट आवराआवर करत होता. गिटार खोक्यात गेलीसुद्धा होती. तेवढ्यात त्याचा मित्र, गिटारवादक डेव्हिड ब्रॉमबर्ग, एका विशीतल्या गायिकेला घेऊन आला. गॅरीचं एक गाणं हिने ऐकायलाच हवं, असं त्याच्या मनाने घेतलं होतं. गॅरीने गिटार पुन्हा बाहेर काढली, बसला आणि गाऊ लागला. ऐकणारी मुलगी होती लिंडा रॉनस्टॅट. हे मला लगेच रेकॉर्ड करायचंय, असं तिने तिथल्या तिथे सांगून टाकलं. हा प्रसंग तिनेच २०१३ साली आलेल्या आपल्या आत्मचरित्रात लिहून ठेवला आहे.

ते गाणं ‘लाँग लाँग टाइम’. कंट्री रॉकमधली, म्हणजे अमेरिकेच्या ग्रामीण दक्षिणेतलं कंट्री संगीत आणि रॉक यांच्या मिश्रणातली, विरहगीतं कुणी मोजायला घेतली तर त्यात हे असतंच. पण मला याला विरहगीत म्हणवत नाही. विरहासाठी आधी सहवास घडावा लागतो, आणि इथे काही घडलेलंच नाही. सुचलं ते सगळं करून पाहिलं, तरी तो आपला झाला नाही, आणि हे प्रेम काही इतक्यात सुटायचं नाही, एवढंच ती सांगते. काळ जखमा भरून काढतो असं तिला कुणीतरी समजावलेलं असतं. याचा अर्थ काय ते मला कळत नाही, असं ती सरळ कबूल करते. त्या माणसावर राग नाही, टोमणा नाही. पुढे सगळं ठीक होईल अशी आशाही नाही. गाण्याचं सगळं बळ मला त्या कबुलीत दिसतं.

रॉनस्टॅट ॲरिझोनातल्या टूसॉनची, जन्म १९४६चा. घराण्याची मुळं मेक्सिकोत आणि जर्मनीत. वडील घरात मेक्सिकन गाणी म्हणायचे आणि लोला बेल्त्रान ही रांचेरा या मेक्सिकन गीतप्रकारातली गायिका तिचा लहानपणापासूनचा आदर्श. रांचेरात दुःख गिळून टाकत नाहीत, मोकळ्या गळ्याने बाहेर काढतात. ‘लाँग लाँग टाइम’मध्ये शेवटाकडे आवाज जसा चढत जातो आणि तुटेल असं वाटत असताना तुटत नाही, तिथे मला ते बालपण ऐकू येतं. कंट्री संगीतात वाढलेली गायिका तिथे बहुधा थोडी हात राखून गायली असती.

अठराव्या वर्षी ती लॉस एंजेलिसला आली आणि स्टोन पोनीज या त्रिकुटातून गाऊ लागली. १९६७ साली आलेलं त्यांचं ‘डिफरंट ड्रम’ बिलबोर्ड मासिकाच्या हॉट १०० या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत १३व्या क्रमांकावर पोचलं, पण त्रिकूट काही टिकलं नाही. तोवर शहरातल्या तरुण रॉक वादकांना कंट्रीची ओढ लागली होती. बर्ड्स या बँडने १९६८ साली आपल्या तबकडीचा काही भाग कंट्री संगीताची राजधानी असलेल्या नॅशव्हिलला जाऊन रेकॉर्ड केला, पुढच्याच वर्षी बॉब डिलनची ‘नॅशव्हिल स्कायलाइन’ आली. ते दिवस व्हिएतनाम युद्धाचे. एका बाजूला लांब केसांची, युद्धाला विरोध करणारी पोरं आणि दुसऱ्या बाजूला कंट्री ऐकणारा, अमेरिकेच्या दक्षिणेतला सनातनी श्रोता. या दोघांचं संगीत एकत्र नांदेल, हे तेव्हा कुणाला सहज पटण्यासारखं नव्हतं.

रॉनस्टॅटही आपला दुसरा स्वतंत्र अल्बम ‘सिल्क पर्स’ करायला नॅशव्हिललाच गेली. निर्माता एलियट मेझर. साथीला नॅशव्हिलचे कसलेले स्टुडिओ वादक, ज्यांच्यातल्या काहींनी मेझरबरोबर एरिया कोड ६१५ नावाचा गट काढला होता. ६१५ हा नॅशव्हिलचा टेलिफोन कोड.

हे गाणं रेकॉर्ड झालं सकाळी दहा वाजता. रात्री क्लबांत गाणाऱ्या मुलीला सकाळी दहाला गळा लावायचा म्हणजे शिक्षाच. तेव्हा सकाळी गाणं फार जड जायचं, असं तिने नंतर सांगितलंय. तरीही वादकांबरोबर थेट गायलेला तोच आवाज अंतिम रेकॉर्डमध्ये ठेवला गेला. रोजची ठरावीक कॉर्डची वाट सोडून जाणारं हे गाणं वादकांनाही भावलं होतं. वेल्डन मायरिक पेडल स्टील वाजवत होता. आपल्याकडे चित्रपटगीतांच्या धून वाजवणारी जी हवाईयन गिटार आपण ऐकली, तिचंच हे पुढचं रूप. तारांवरून धातूचा दांडा सरकवायचा आणि पायातल्या पेडलने सूर ताणायचा, म्हणजे लांबलचक मींड निघते. मायरिकला या वाद्यातून व्हायोलिनच्या ताफ्यासारखा आवाज काढण्याची एक खास युक्ती साधली होती. नॅशव्हिलजवळच्या गावाच्या नावावरून तिला ‘गुडलेट्सव्हिल स्ट्रिंग क्वार्टेट’ म्हणत. त्यावर बडी स्पायकरने आधी वरच्या पट्टीतलं व्हायोलिन वाजवलं, मग व्हायोला, मग आणखी एक थर. एकट्या माणसाने एकावर एक चढवलेले ते सूर शेवटी पूर्ण वाद्यवृंदासारखे वाजू लागले आणि स्टुडिओतली मंडळी हेलावून गेली. हेडफोन लावून ऐकलं तर हे थर वाढत जाताना आजही कळतात.

१९७०च्या उत्तरार्धात गाणं हॉट १००मध्ये २५व्या क्रमांकापर्यंत गेलं. अल्बमची गाडी मात्र अल्बमांच्या यादीत १०३ वरच अडकली. गाण्याला ग्रॅमीचं नामांकन मिळालं, पुरस्कार डिऑन वॉर्विककडे गेला. रॉनस्टॅटला स्वतःला तो अल्बम आवडत नसे. तेव्हा मला गाताच येत नव्हतं, नॅशव्हिलच्या वादकांना मला काय हवंय ते सांगता येत नव्हतं, अशी तिची तक्रार होती. ती म्हणते म्हणून मान्य करायचं तर हे गाणं ऐकलेल्या कुणालाही जड जाईल.

तिचा सुवर्णकाळ नंतर आला. १९७१ साली तिच्या साथीला वाजवणाऱ्या ग्लेन फ्राय आणि डॉन हेन्ली यांनी ईगल्स हा बँड काढला. १९७५च्या सुरुवातीला तिचं ‘यू आर नो गुड’ पहिल्या क्रमांकावर गेलं. १९७६च्या निवडक गाण्यांच्या तबकडीत ‘लाँग लाँग टाइम’ होतं. ती लाखोंनी खपली आणि ज्या घरांत ‘सिल्क पर्स’ कधी पोचली नव्हती तिथे हे गाणं तिच्यातून शिरलं. २००९ नंतर तिने मैफल केली नाही. आजाराने गळा गेला होता. आधी पार्किन्सन्स म्हणून निदान झालं, पुढे तो त्याच जातीचा दुसरा मेंदूविकार असल्याचं स्पष्ट झालं.

मग २९ जानेवारी २०२३ची रात्र. ‘द लास्ट ऑफ अस’ या मालिकेच्या तिसऱ्या भागाला या गाण्याचंच नाव होतं. लेखक क्रेग मेझिनला प्रसंगाला शोभेल असं गाणं सापडत नव्हतं. त्याने आपला मित्र सेथ रुडेत्स्की याला विचारलं आणि लगेच हे नाव आलं. जग उद्ध्वस्त झालंय, बिल एकटाच उरलाय, आणि वाट चुकून आलेला फ्रँक त्याच्या पियानोवर रॉनस्टॅटच्या गाण्यांचं पुस्तक उघडून हे गाणं वाटेल तसं बडवतो. बिलला ते सहन होत नाही. तो त्याला थांबवतो, स्वतः बसतो आणि अडखळत, हळू गातो. ज्या मुलीसाठी गातोयस ती कोण, असं फ्रँक विचारतो. मुलगी कुणीच नाही, असं बिल म्हणतो. न झालेल्या प्रेमाचं गाणं इथे एका प्रेमाची सुरुवात करून देतं. हा प्रसंग मी कितीदा पाहिला असेल, दरवेळी घशात आवंढा येतो.

त्या रात्री अकरा ते बारा या तासाभरात अमेरिकेत स्पॉटिफायवर हे गाणं आदल्या आठवड्याच्या तुलनेत ४,९०० टक्के जास्त ऐकलं गेलं. पैसे कुणाला मिळणार, हा प्रश्न ओघानेच आला. रॉनस्टॅटने आपल्या रेकॉर्डिंगचे हक्क २०२१ सालीच विकले होते. गीतकाराचा, म्हणजे इथे गॅरी व्हाइटचा, हक्क वेगळा असतो. अमेरिकेत तर रेडिओवर गाणं वाजलं की गीतकाराला मानधन मिळतं, गाणाऱ्याला मिळत नाही. बिलबोर्डने तिला गाठलं तेव्हा ती म्हणाली की हे गाणं मला अजून आवडतं, आणि गॅरीच्या हाती घबाड लागणार याचा मला फार आनंद आहे.