ईव्ही प्रशिक्षण

ईव्ही प्रशिक्षण : पोकेमॉन मालिकेतील व्हिडिओ गेममध्ये आपल्याजवळच्या प्राण्याला ठरवून विशिष्ट प्रतिस्पर्ध्यांशीच लढवणे आणि त्यातून त्याच्या स्पीड, अटॅक, डिफेन्स अशा गुणांमागचे लपलेले आकडे हवे तसे वाढवणे, या पद्धतीला ईव्ही प्रशिक्षण म्हणतात. ईव्ही हे ‘एफर्ट व्हॅल्यू’चे लघुरूप आहे. जपानी खेळाडू त्याला ‘दोर्योकुची’ म्हणतात. दोर्योकु म्हणजे प्रयत्न आणि ची म्हणजे मूल्य. मराठीत प्रयत्नमूल्य हा शब्द नेमका बसतो, पण खेळणारे सगळे ईव्हीच म्हणतात, म्हणून इथेही तोच शब्द ठेवला आहे. मालिकेत कोल्ह्यासारख्या एका लहान प्राण्याचे नावही उच्चाराने जवळपास असेच आहे. त्याचा या संकल्पनेशी संबंध नाही.

प्रत्येक प्राण्याची ताकद तीन थरांतून तयार होते आणि जपानी शब्द हे थर फार सुंदर वेगळे करतात. पहिला ‘शुझोकुची’, म्हणजे जातीचे मूल्य. गार्चॉम्प या जातीचा मूळ स्पीड १०२, तो सगळ्या गार्चॉम्पना सारखाच. दुसरा ‘कोताइची’, म्हणजे त्या एकट्या प्राण्याचे जन्मजात मूल्य, ज्याला बाकी जगात आयव्ही म्हणतात. २००२ पासून तो प्रत्येक गुणासाठी ० ते ३१ यांमधला एक आकडा असतो आणि प्राणी सापडतो किंवा अंड्यातून बाहेर येतो तेव्हाच ठरतो. तिसरा थर प्रयत्नाचा. जात आणि जन्म खेळाडूच्या हातात फारसे नसतात, प्रयत्न मात्र पूर्णपणे त्याच्या हातात असतो. जोडीला ‘नेचर’, म्हणजे स्वभाव असतो. स्वभाव २५ आहेत. त्यांपैकी २० स्वभाव एक गुण दहा टक्क्यांनी वाढवतात आणि दुसरा तेवढाच घटवतात, उरलेल्या ५ स्वभावांचा काहीच परिणाम होत नाही.

हिशेब कसा चालतो

हरवलेला प्रत्येक प्राणी जेत्याला एक, दोन किंवा तीन ईव्ही देतो. कोणत्या गुणाचे द्यायचे, हे त्याच्या जातीवर ठरलेले असते. झुबॅट आणि मॅजिकार्प स्पीडचा एक देतात, मॅचॉप अटॅकचा, जिओड्यूड डिफेन्सचा, गॅस्टली स्पेशल अटॅकचा, टेंटाकूल स्पेशल डिफेन्सचा, विस्मर एचपीचा. (एचपी म्हणजे प्राणी किती घाव सोसू शकतो तो आकडा. हल्ले साधे आणि स्पेशल अशा दोन प्रकारचे असतात, म्हणून अटॅक आणि डिफेन्सही दोन-दोन.) उत्क्रांत झालेल्या जाती सहसा जास्त देतात. म्हणजे आपण कुणाशी लढलो याची नोंद प्राण्याच्या अंगात साठत जाते. प्राणी लढत जातो तशी त्याची लेव्हल, म्हणजे पातळी, चढते आणि १०० ही शेवटची. लेव्हल १०० ला चार ईव्हींमागे त्या गुणात एकाची भर पडते. एका प्राण्याला एकूण ५१० ईव्हीच मिळू शकतात, आणि एका गुणात पूर्वी २५५ व आता २५२. २५५ ला चाराने पूर्ण भाग जात नाही, त्यामुळे शेवटचे तीन वाया जात. जाणते खेळाडू आधीपासून २५२ लाच थांबत आणि २०१३ मध्ये खेळानेच मर्यादा २५२ केली.

उदाहरण घेऊ. स्पर्धा लेव्हल ५० ला होतात. गार्चॉम्पचा मूळ स्पीड १०२. त्याची दुप्पट २०४, त्यात आयव्हीचे ३१ मिळवले की २३५. लेव्हल ५० म्हणून त्याचे निम्मे, अपूर्णांक सोडून ११७, आणि वर ठरलेले ५. एकही ईव्ही नसताना स्पीड झाला १२२. आता २५२ ईव्ही द्या : चाराने भागून ६३, ते २३५ मध्ये मिळवून २९८, निम्मे १४९, अधिक ५ म्हणजे १५४. स्पीड वाढवणारा ‘जॉली’ स्वभाव असेल तर त्यावर दहा टक्के, म्हणजे १६९. प्राणी तोच, लेव्हल तीच, जन्मही तोच, आणि फरक १२२ ते १६९ एवढा.

चॅरिझार्डचा मूळ स्पीड १००, गार्चॉम्पपेक्षा दोनने कमी. तरी पूर्ण तयार झालेला चॅरिझार्ड १६७ पर्यंत जातो आणि प्रशिक्षण न दिलेल्या १२२ च्या गार्चॉम्पआधी सहज वार करतो. लेव्हल ५० ला आयव्ही ३१ असेल तर पहिल्या चार ईव्हींना एक गुण मिळतो आणि त्यानंतर प्रत्येक आठांना एक. म्हणून स्पर्धेतल्या याद्यांमध्ये ४, १२, २०, २८ असे आकडे दिसतात. अधलेमधले आकडे त्या लेव्हलला पदरात काहीच टाकत नाहीत.

१९९६ ते २००२

‘रेड’ आणि ‘ग्रीन’ हे पहिले खेळ जपानमध्ये २७ फेब्रुवारी १९९६ रोजी गेम बॉयसाठी आले. ते गेम फ्रीक या कंपनीने बनवले होते. ही कल्पना त्यांतही होती, पण रूप निराळे होते. हरवलेल्या प्राण्याचे सगळे मूळ गुण जसेच्या तसे जेत्याच्या खात्यात जमा होत आणि प्रत्येक गुणाचे खाते ६५,५३५ पर्यंत भरत असे. त्या आकड्याचे वर्गमूळ काढून चाराने भागले जाई, त्यामुळे लेव्हल १०० ला जास्तीत जास्त ६३ गुण मिळत. हा ६३ चा आकडा आजही कायम आहे. २५२ ला चाराने भागले की तोच येतो. वर्गमुळामुळे सुरुवातीची मेहनत भरभर दिसे आणि पुढची हळूहळू. दुकानातल्या दहा औषधांनी खाते २५,६०० पर्यंत जाई आणि तेवढ्यानेच ६३ पैकी ४० गुण हाती येत.

त्या काळात एकूण मर्यादा नव्हती. पुरेसा वेळ घालवला की प्रत्येक प्राण्याचे सगळेच गुण शिगोशीग भरत. म्हणजे श्रम होते, पण निवड नव्हती. २१ नोव्हेंबर २००२ रोजी आलेल्या ‘रुबी’ आणि ‘सफायर’ने ५१० ची एकूण मर्यादा घातली, आणि या संकल्पनेच्या इतिहासातली सर्वांत महत्त्वाची घटना हीच. सहा गुण आणि जेमतेम दोनच पूर्ण भरतील एवढे ईव्ही. २५२ आणि २५२ दिल्यावर सहा उरतात, त्यांतले चारच कामी येतात. एक वाढवायचा तर दुसरा सोडावाच लागतो. प्राण्याला वळण लावणे याचा खरा अर्थ इथून सुरू होतो.

कागद आणि पेन्सिल

‘रुबी’ आणि ‘सफायर’ ईव्हीचा आकडा पडद्यावर कुठेही दाखवत नसत. हिशेब खेळाडूनेच ठेवायचा. त्यानंतरच्या ‘फायररेड’ या खेळातला पोकेमॉन टॉवर हा भुतांचा मनोरा त्यासाठी चांगले उदाहरण आहे. स्पेशल अटॅक वाढवायचा म्हणून खेळाडू तिथे येरझाऱ्या घालत राही. गॅस्टली आला की कागदावर एक रेघ, हाँटर आला की दोन, आणि मधेच कूबोन निघाला तर मुकाट्याने पळ काढायचा, कारण तो डिफेन्सचा एक ईव्ही गळ्यात घालतो. पाच रेघांचा एक गठ्ठा करत २५२ पर्यंत जायचे. मध्ये कुणी हाक मारली, रेघ ओढली की नाही हे विसरले, की पुढचा सगळा हिशेब संशयात. चुकून मिळालेला ईव्ही काढून टाकायची सोयही सुरुवातीला नव्हती. ती सप्टेंबर २००४ च्या ‘एमराल्ड’मध्ये काही ‘बेरी’ फळांच्या रूपाने आली. खेळातून मिळणारी खूण एकच : ‘रुबी’ आणि ‘सफायर’मधल्या स्लेटपोर्ट शहराच्या बाजारात एक बाई पूर्ण ५१० झालेला प्राणी दिसला की त्याला कौतुकाची फीत देई. आकडा तीही सांगत नसे.

याच अज्ञानातून एक समज पसरला होता. ‘रेअर कँडी’ खाऊन लेव्हल वाढवलेला प्राणी कमजोर निघतो, असे मुले एकमेकांना सांगत. त्यात तथ्य होते, पण कारण कँडीत नव्हते. कँडी लेव्हल देते, ईव्ही देत नाही. लढून वाढलेल्या प्राण्याच्या खात्यात मात्र वाटेतले सगळे ईव्ही जमा झालेले असतात. डे केअर या पाळणाघरात ठेवून न लढता लेव्हल वाढलेल्या प्राण्याचेही कँडीसारखेच. हा दोष कायमचा नसतो, नंतर लढवले की तो भरून निघतो. फक्त २००२ ते २०१० मधल्या खेळांत लेव्हल १०० गाठलेल्या प्राण्याला लढाईतून ईव्ही मिळत नसत, त्यामुळे तिथे कँडीची घाई खरोखर महागात पडे.

वेग वाढवणाऱ्या गोष्टी

औषधांची नावे केमिस्टच्या फळीवरची वाटतात : प्रोटीन अटॅकसाठी, आयर्न डिफेन्ससाठी, कॅल्शियम स्पेशल अटॅकसाठी, झिंक स्पेशल डिफेन्ससाठी, कार्बोस स्पीडसाठी आणि एचपी अप एचपीसाठी. एका बाटलीला दहा ईव्ही. बरीच वर्षे त्यांनी शंभरापर्यंतच जाता येई. २०१९ च्या ‘सोर्ड’ आणि ‘शील्ड’पासून ही अट गेली आणि पैसे असतील तर प्राण्याला एकदाही न लढवता २५२ गाठता येतात.

‘माचो ब्रेस’ हा पट्टा मिळणारे ईव्ही दुप्पट करतो आणि लढताना स्पीड निम्मा करतो. २००६ च्या ‘डायमंड’ आणि ‘पर्ल’मध्ये सहा ‘पॉवर’ वस्तू आल्या. त्या प्रत्येक लढाईमागे एका ठरावीक गुणाचे चार जास्तीचे ईव्ही देत, २०१६ पासून आठ. याशिवाय ‘पोकेरस’ हा विषाणू. १९९९ च्या ‘गोल्ड’ आणि ‘सिल्व्हर’पासून तो होता, २०२२ च्या ‘स्कार्लेट’ आणि ‘व्हायोलेट’मध्ये मात्र नाही, आपणहून लागण्याची शक्यता ६५,५३६ लढायांत तीन इतकी कमी, आणि तो लागणे ही मोठीच भाग्याची गोष्ट, कारण त्याने ईव्ही दुप्पट होतात. काही दिवसांत प्राणी बरा होतो, दुपटीचा फायदा मात्र टिकतो. म्हणूनच खेळाडू तो एकमेकांना जपून देत आले आहेत.

या सगळ्यांची बेरीज काय होते, हे २०१३ च्या ‘एक्स’ आणि ‘वाय’मध्ये दिसले. तिथे पाच प्राण्यांची टोळी एकदम समोर येते. प्रत्येकाचा एक ईव्ही, पॉवर वस्तूचे चार, पोकेरसने दुप्पट म्हणजे दहा, आणि पाच जणांचे पन्नास. पूर्वी जिथे २५२ लढाया लागत, तिथे सहा पुरल्या. २०१६ च्या ‘सन’ आणि ‘मून’मध्ये समोरच्या प्राण्याने मदतीला बोलावलेला प्राणी हरवला की ईव्ही पुन्हा दुप्पट होत : एक अधिक आठ म्हणजे नऊ, दोनदा दुप्पट करून छत्तीस, आणि सात वेळा छत्तीस म्हणजे बरोबर २५२.

‘एक्स’ आणि ‘वाय’नेच ‘सुपर ट्रेनिंग’मधून ईव्हींचा आलेख पहिल्यांदा उघडपणे दाखवला. लपलेले उघड झाल्याने गूढ गेले अशी खंत काही जुने खेळाडू करतात. ती पटण्यासारखी नाही. ज्या आकड्यावर विश्वविजेतेपद ठरते तो नवख्या मुलालाही दिसलाच पाहिजे. कागदावरच्या रेघांची आठवण गोड असली, तरी त्या रेघांनी कितीतरी जणांना स्पर्धेच्या दारातूनच परत पाठवले. आयव्हीच्या बाबतीतही पुढे अशीच वाट मोकळी झाली. ‘सन’ आणि ‘मून’मधील ‘हायपर ट्रेनिंग’मुळे जन्मजात उणीव असलेला प्राणीही ३१ धरला जाऊ लागला, त्यासाठी आधी लेव्हल १०० ची अट होती, २०२२ च्या ‘स्कार्लेट’ आणि ‘व्हायोलेट’मध्ये ती ५० वर आली. स्वभावाचा परिणाम २०१९ पासून ‘मिंट’ देऊन बदलता येतो.

स्पर्धेतील वाटप

व्हिडिओ गेमची जागतिक स्पर्धा २००९ पासून होते. तिथे ईव्हींच्या वाटपाला ‘स्प्रेड’ म्हणतात. सर्वांत सोपा स्प्रेड २५२–२५२–४ : एक मारण्याचा गुण, स्पीड आणि उरलेले कुठेतरी. स्पीड समान असेल तर आधी कोण हे नशिबावर ठरते, त्यामुळे एका गुणाचा फरकही डाव फिरवतो. पण कसलेला खेळाडू सहसा स्पीड आंधळेपणाने भरत नाही. समजा, गार्चॉम्पला फक्त १५२ स्पीडच्या, म्हणजे स्वभावाचा फायदा नसलेल्या पूर्ण तयार चॅरिझार्डच्या पुढे जायचे आहे. जॉली स्वभाव असेल तर १४० ईव्हींत स्पीड १५४ होतो. उरलेले ११२ ईव्ही एचपीत घातले की १४ गुण मिळतात, आणि एखादा घाव सोसून उलट वार करायला कधीकधी तेवढेच लागतात. बचावासाठी एचपी सहसा आधी भरतात, कारण तो दोन्ही प्रकारच्या हल्ल्यांत उपयोगी पडतो. ‘ट्रिक रूम’ खेळणारे संघ तर स्पीडला एकही ईव्ही देत नाहीत. त्या डावात मंद प्राणी आधी चालतो.

वॉशिंग्टन डी. सी. येथे २०१४ साली विजेता ठरलेला दक्षिण कोरियाचा से जुन पार्क याच्या संघात पाचीरिसू ही विजेची खार होती. तिचा मूळ अटॅक ४५, एचपी ६०. आकडे पाहून तिला कुणी संघात घेतले नसते. तिच्याकडून मोठ्या वारांची अपेक्षाच नव्हती. ‘फॉलो मी’ ही चाल खेळून शत्रूचे घाव स्वतःवर ओढून घ्यायचे आणि शेजारी लढणाऱ्या जोडीदाराला मोकळे सोडायचे, हे तिचे काम. जातीने दिलेले थोडे असले तरी काम नेमके ठरवले की भागते, याचे याहून चांगले उदाहरण या खेळात नाही.

मुख्य मालिकेबाहेर

२०१८ च्या ‘लेट्स गो’ खेळांत ईव्हींऐवजी प्रत्येक गुणासाठी २०० पर्यंतची ‘अवेकनिंग व्हॅल्यू’ होती आणि एकूण मर्यादा नव्हती. २०२२ च्या ‘लेजेंड्स : आर्सेउस’मध्ये ० ते १० अशा प्रयत्नाच्या पायऱ्या आल्या. ‘पोकेमॉन गो’ हा मोबाइलवरचा खेळ भारतात १४ डिसेंबर २०१६ रोजी रिलायन्स जिओच्या साथीने सुरू झाला आणि गल्लीबोळांत फोन घेऊन फिरणाऱ्या अनेकांची या प्राण्यांशी ओळख त्यातूनच झाली. ‘गो’मध्ये आयव्ही असतात, ० ते १५, ईव्ही नसतात. तिथला प्राणी ‘पोकेमॉन होम’ या प्राणी साठवण्याच्या सेवेमार्गे मुख्य मालिकेत नेला, तर लेव्हल सोबत येते आणि ईव्हीचे खाते शून्यावर असते, ५१० च्या ५१० नव्या मालकाने ठरवायचे.