आनंदीबाईंनी कोल्हापुरात प्रॅक्टिस केली होती का? नाही!

२०१९ला 'आनंदी गोपाळ' पिक्चर आला तेव्हापासून एक फॉरवर्ड फिरतोय, दर ३१ मार्चला त्यांच्या जयंतीला परत येतोच, की डॉ. आनंदीबाई जोशींनी अमेरिकेतून येऊन कोल्हापुरात कित्येक वर्षं बायकांवर उपचार केले. असं काही झालेलं नाही हो.

११ मार्च १८८६ला पेनसिल्व्हेनियाच्या वुमन्स मेडिकल कॉलेजातून त्या एमडी झाल्या, कोल्हापूर संस्थानाने अल्बर्ट एडवर्ड हॉस्पिटलच्या बायकांच्या वॉर्डासाठी त्यांची नेमणूकही केली होती, हे खरंय, फॉरवर्ड तिथूनच सुरू झाला असावा. पण त्या परत आल्या त्याच क्षयाने खंगलेल्या, आणि २६ फेब्रुवारी १८८७ला पुण्यात गेल्या. बावीस वर्षंही पूर्ण नव्हती. तो वॉर्ड त्यांना कधी सांभाळताच आला नाही.

मला हे वाचून खरंच वाईट वाटतं, कारण खोटी प्रॅक्टिस चिकटवली की त्यांनी खरं काय सोसलं तेच झाकलं जातं. चौदाव्या वर्षी झालेलं बाळ दहा दिवसांत गेलं, तिथून डॉक्टर व्हायचं मनात आलं. कॉलेजातला १८८५चा फोटो बघा एकदा, जपानची केई ओकामी किमोनोत, सीरियाची सबात इस्लांबुली तिच्या पोशाखात, आणि शेजारी आपल्या आनंदीबाई साडीत!

आणि वर्षानुवर्षं प्रॅक्टिस केलेली मराठी डॉक्टर हवी असेल तर डॉ. रखमाबाईंबद्दल वाचा, लंडनला शिकून आल्या आणि सुरत, राजकोटला पेशंट बघितले.