फोटोतले दाणे आणि फोटोतल्या चौकटी

अजिंठ्याच्या पहिल्या क्रमांकाच्या लेण्यात पद्मपाणी बोधिसत्त्वाच्या भित्तिचित्रासमोर उजेड जेमतेम असतो. फ्लॅशला मनाई आहे आणि ती असायलाच हवी. तिथं मोबाइलवर काढलेला फोटो मोठा करून पाहा. मुकुटामागच्या काळोखात तांबडे, हिरवे बारीक दाणे, ठिपके दिसतील. आता तोच फोटो कुणी ग्रुपवर टाकलाय, कुणी त्याचा स्क्रीनशॉट काढून पुढं पाठवलाय, आणि फिरत फिरत तो परत तुमच्याकडं आलाय. ठिपके बरेचसे पुसले गेलेत, पण गालावर चौकोनी तुकडे पडलेत आणि मुकुटाच्या कडेनं धुरकट लहरी उठल्यात.

दोन्ही वेळा आपण ‘फोटो फुटला’ म्हणून मोकळे होतो. पण बिघाड दोन आहेत आणि इलाजही दोन आहेत.

ठिपके म्हणजे नॉइज. तो फोटो काढतानाच येतो. पत्र्यावर पावसाचे पहिले थेंब पडतात, कुठं दोन, कुठं एकही नाही, तसे अंधारात प्रकाशाचे कण कॅमेऱ्याच्या प्रकाश टिपणाऱ्या सेन्सरवर कमीजास्त पडतात. आयएसओ, म्हणजे फोटो उजळवायची कॅमेऱ्यातली सेटिंग, वाढवला की फोटो उजळतो, पण हा कमीजास्तपणाही उजळून निघतो. मुळातला इलाज एकच, जास्त प्रकाश गोळा करणं. चौपट प्रकाश मिळाला की चित्र नॉइजच्या तुलनेत दुप्पट स्वच्छ होतं. मोबाइलचा नाइट मोड अनेक फोटो पटापट घेऊन त्यांची सरासरी काढतो, ती याचसाठी. हात मात्र स्थिर हवा.

चौकटी नंतर येतात, फाइल लहान करताना. १९९२ साली ठरलेली फोटो साठवायची जेपेग (JPEG) पद्धत चित्राचे ८ बाय ८ पिक्सेलचे चौकोन पाडते आणि प्रत्येकातले बारीक तपशील कमी-अधिक सोडून देते. रंगाच्या बाबतीत आपला डोळा ढिला, म्हणून रंगाची माहिती बहुतेक वेळा आणखी कमी ठेवतात. लग्नपत्रिकेवरची लाल अक्षरं कडेला फिस्कटतात ती त्यामुळं. शिवाय नॉइज असलेला फोटो दाबायला, म्हणजे त्याची फाइल लहान करायला, सगळ्यात अवघड. विस्कळीत ठिपक्यांवरच फाइलची जागा खर्च होते आणि चौकटी लवकर उघड्या पडतात.

माझ्या मते जास्त घातक चौकटीच. नॉइजखाली चित्र बरंचसं शाबूत असतं, चांगलं सॉफ्टवेअर ते वर काढतं. दाबताना टाकलेलं परत येत नाही. एआयनं फोटो ‘साफ’ केला, तर तो गाल अंदाजानं रंगवतो. आणि पद्मपाणीचा गाल अंदाजानं रंगवलेला मला नको आहे.

कागदपत्रांत तर हे फार जपायला हवं. २०१३ साली जर्मनीचे संगणकतज्ज्ञ डेव्हिड क्रीझेल यांनी दाखवून दिलं, की झेरॉक्स कंपनीची काही मशीनं स्कॅन दाबताना ६ च्या जागी चक्क ८ टाकत होती. अक्षर स्वच्छ, आकडा चुकीचा! सातबाऱ्यावरचा गट नंबर किंवा क्षेत्र असं बदललं तर? म्हणून फोटो असो वा कागद, व्हॉट्सअपवर ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवा, म्हणजे फाइल दाबली जात नाही. डिजिटल सहीचा सातबारा पीडीएफमध्ये मिळतो. तोच जसाच्या तसा पुढं पाठवा, त्याचा फोटो काढू नका.