बारा की आठ: केबलमधल्या फायबर-संख्येचा वाद

फायबर म्हणजे प्रकाशाने माहिती वाहून नेणारा काचेचा बारीक तंतू. केबलमध्ये आणि कनेक्टरमध्ये हे तंतू बाराच्या गटात असावेत की आठच्या, हा जुना वाद आहे. केबल मागवताना समोर येणारे 12, 24, 48, 96, 144 हे फायबर-संख्येचे आकडे कुणाच्या आजच्या गरजेतून आलेले नाहीत. 1976 मध्ये अटलांटात झालेल्या चाचणीच्या केबलमध्ये 12 फायबरची एक, अशा 12 रिबन (शेजारी-शेजारी चिकटवलेल्या फायबरच्या पट्ट्या) होत्या. पुढे रंगसंकेतही निळ्यापासून अ‍ॅक्वापर्यंत बारा रंगांवर थांबला. स्प्लायसिंग, म्हणजे फायबर एकमेकांना जोडण्याचं काम, करणाऱ्याला रंग पाठ, म्हणून बारा सोयीचे, आणि तेरावं फायबर आलं की केबलमधली पुढची ट्यूब (फायबरचा गट ठेवणारी नळी).

समुद्राखालचं गणित निराळं होतं. 1988 मध्ये सुरू झालेल्या पहिल्या अटलांटिकपार फायबर केबलमध्ये चालू जोड्या दोनच होत्या. नव्वदच्या दशकात एका फायबरवरून अनेक तरंगलांबी पाठवणं जमलं आणि लांब पल्ल्याला जास्त फायबर कशाला, असा सूर निघाला. त्याच सुमारास टाकलेलं बरंच फायबर मग वर्षानुवर्षं डार्कच, म्हणजे न वापरलेलंच, राहिलं.

खरा घोळ इमारतीच्या आत झाला. 2010 मध्ये सेकंदाला 40 गिगाबिट वेगाच्या नेटवर्कचं मानक आलं. त्यात मल्टिमोडवर (इमारतीतल्या कमी अंतराचं फायबर) चार फायबर पाठवायला, चार घ्यायला. कनेक्टर मात्र बाराचाच होता, त्यामुळे मधली चार फायबर रिकामी. दोन्ही टोकांना पॉलिश केलेली, पैसे मोजलेली आणि कायमची बिनकामाची! त्याच मानकात 100 गिगाबिटला दहा अधिक दहा फायबर लागत, तेव्हा बाराच्या बाजूने बोलणाऱ्यांना बळ मिळालं. 2015 मध्ये 100 गिगाबिटही चार अधिक चारवर आलं आणि पारडं आठकडे झुकलं.

आठवाले एक तृतीयांश फायबर वाया जातं म्हणतात, ते खरंच आहे. पण साध्या दोन फायबरच्या लिंकसाठी बाराच्या कनेक्टरमधून सहा जोड्या निघतात, आठच्यातून चारच. म्हणजे पॅनेलवर, जिथे केबलचे कनेक्टर बसवतात, तेवढ्याच जागेत कमी फायबर बसतं. बाराच्या दोन कनेक्टरमधून आठाचे तीन काढणारी कन्व्हर्जन कॅसेट मिळते, तरी तिच्यामुळे वाटेत एक जोड वाढतो, आणि वेग वाढला की लॉस बजेट (वाटेत किती प्रकाश गमावला तरी चालेल ती मर्यादा) आधीच तंग असतं. ‘बारा ही चूकच होती’ हे बोलणं मला पटत नाही. बारा ठरले तेव्हा समांतर ऑप्टिक्स, म्हणजे एकच लिंक अनेक फायबरवर वाटून पाठवणं, कुणाच्या डोक्यातही नव्हतं.

या भांडणात एक साधा हिशेब बाजूला पडतो. 24, 48, 72, 96, 144 यांना बारा आणि आठ दोन्हींनी भाग जातो. 12, 36, 60 यांना आठने जात नाही. पुढे आठ लेनचे, म्हणजे आठ फायबरवरून पाठवणारे आणि आठवरून घेणारे, ट्रान्सीव्हर (प्रकाश पाठवणारी-घेणारी उपकरणं) आले, त्यांना 16 फायबर लागतात. तिथे 48, 96, 144 चालतात, पण 24 आणि 72 अडतात. मुख्य केबल निवडताना माझं मत 48 किंवा 144 कडे जातं ते यामुळेच. 144 ऐवजी 72 घेऊन थोडे पैसे वाचतात, पण अडचण पुढच्या अपग्रेडला कळते.

डेटा सेंटरच्या इमारती जोडणाऱ्या केबल मात्र 1728, 3456, 6912 फायबरवर गेल्या आहेत. गुंडाळता येणाऱ्या रिबनमुळे आणि फायबरवरच्या कोटिंगचा (संरक्षक थराचा) व्यास 250 वरून 200 मायक्रॉनवर आल्यामुळे तेवढ्याच डक्टमध्ये (केबल टाकायच्या पाइपमध्ये) जास्त फायबर मावतं. जुन्या 250 मायक्रॉनच्या रिबनशी जोड द्यायची वेळ आली की फायबरमधलं अंतर जुळत नाही. म्हणून काही उत्पादक फायबर 200 चं ठेवून रिबनमधलं अंतर 250 चंच ठेवतात. केबल मागवताना संख्येबरोबर हेही विचारून घ्यावं.