स्टारक्राफ्ट: ब्रूड वॉर

ब्लिझार्ड एंटरटेनमेंटच्या ‘स्टारक्राफ्ट’ या विज्ञानकथेच्या धाटणीच्या संगणकीय युद्धखेळाचा विस्तारसंच, म्हणजे मूळ खेळात भर घालणारा भाग. मूळ खेळ मार्च १९९८ मध्ये आला आणि त्याच वर्षाच्या अखेरीस हा संच. तो बनवण्यात सॅफायर या स्टुडिओचाही वाटा होता. खेळाचा प्रकार रिअल-टाइम स्ट्रॅटेजी. यात बुद्धिबळासारखी आळीपाळी नसते. सगळे एकाच वेळी खनिज काढतात, इमारती उभारतात आणि फौजा झुंजवतात.

माणसांचे टेरन, किड्यांसारखे झर्ग आणि प्रगत प्रोटॉस हे तीन पक्ष मूळ खेळातलेच. ब्रूड वॉरने त्यांना मिळून सातच नवी युनिट्स (लढवय्यांचे प्रकार) दिली, पण खेळाचा तोल त्यांनीच साधला. टेरनांना जखमा भरून काढणारी मेडिक मिळाली आणि मरीन हे स्वस्तातले पायदळ टिकून लढू लागले. त्यावर झर्गांचा उतारा लर्कर. हा जमिनीत पुरून घेतल्यावरच मारा करतो, आणि तेव्हा तो दिसत नाही. त्याचे काटे सरळ रेषेत धावतात आणि त्या रेषेतले सगळे मरीन एकदम घायाळ होतात. मग टेरनांनी त्याला स्कॅनने, म्हणजे लपलेले दाखवणाऱ्या टेहळणीने, उघडा पाडायचा आणि त्याच्या टप्प्याबाहेरून रणगाड्याने फोडायचा. एका युनिटमुळे दुसऱ्याची गरज पडते, हेच या संचाचे खरे देणे.

प्रोटॉसांचा डार्क टेम्प्लर तर कायमच अदृश्य. त्याचा वार ४० चा, मरीनचा जीवही ४० चाच. एका फटक्यात एक गडी गारद. नागपुरात धरमपेठेतल्या एका सायबर कॅफेत प्रस्तुत लेखकाने हा खेळ लॅनवर, म्हणजे एकमेकांना जोडलेल्या संगणकांवर, पहिल्यांदा पाहिला. कूलरच्या घरघरीवर शेजारच्या खुर्चीतून ओरडा आला, “दिसून तं कोणीच नाही राहिलं बे, अन् पोट्टे मरून राहिले!” पुढच्या डावापासून तो मुलगा सगळ्यांत आधी शत्रूला हुडकणारी मिसाइल टरेट बांधू लागला. उन्हाळ्यात वीज गेली की रंगात आलेला डाव तिथेच संपे.

कथेत पृथ्वीवरून आलेले आरमार झर्गांना ताब्यात घेऊ पाहते, पण सगळ्यांना एकमेकांविरुद्ध वापरून अखेर केरिगन, म्हणजे माणसातून झर्ग झालेली त्यांची राणी, जिंकते. प्रोटॉस योद्धा फेनिक्सचा तिने केलेला घात अजून चटका लावतो.

दक्षिण कोरियात ब्रूड वॉर टीव्हीवर दाखवण्याइतका मोठा खेळ झाला. २००४ मध्ये बुसानच्या ग्वांगल्ली किनाऱ्यावर व्यावसायिक संघांचा अंतिम सामना झाला, त्याला सुमारे एक लाख प्रेक्षक जमल्याचे सांगतात. पुढे कृत्रिम बुद्धिमत्तेच्या अभ्यासकांनीही आपापले प्रोग्राम या खेळात एकमेकांशी लढवले.

२०१७ मध्ये मूळ खेळ आणि हा संच विनामूल्य झाले, आणि चित्रे नव्याने रेखलेली आवृत्तीही निघाली. खेळाच्या नियमांना मात्र तिने हात लावला नाही: एका वेळी बारापेक्षा जास्त सैनिक तिच्यातही निवडता येत नाहीत.