रुईशेद (अहमद अय्याद)

रुईशेद : (२० एप्रिल १९२१ – २८ जानेवारी १९९९). अल्जीरियन नट, नाटककार आणि चित्रपट अभिनेते. मूळ नाव अहमद अय्याद. 'हसन टेरो' या भित्र्या, बडबड्या गृहस्थाची भूमिका त्यांनी स्वतःच लिहिली, आधी रंगभूमीवर आणि मग पडद्यावर केली, आणि पुढे आयुष्यभर तेच नाव त्यांना चिकटले.

अल्जीरिया हा देश १९५४ ते १९६२ अशी साडेसात वर्षे फ्रेंच सत्तेशी लढून स्वतंत्र झाला. पंधरा लाख हुतात्मे हा तिथला सरकारी आकडा. स्वातंत्र्यानंतरचा चित्रपट निघायचा तो सरकारी पैशावर, आणि त्यातला नायक बहुधा डोंगरात बंदूक घेऊन उभा असायचा. अशा दिवसांत या प्रेक्षकांनी जीव लावला तो बंदुकीचा आवाज आला की दाराला कडी घालणाऱ्या माणसाला. रुईशेद यांचा विचार करताना हे आधी लक्षात घ्यावे लागते. विनोदी नट त्या देशात आणखीही होते. युद्धाची भीती उघडपणे, हसत हसत कबूल करण्याची मुभा लोकांना दिली ती यांनी.

त्यांचा जन्म अल्जीयर्स शहरातल्या कसबा या जुन्या वस्तीतला. घराणे मूळचे काबिलिया या डोंगराळ भागातल्या अझेफून या समुद्रकाठच्या गावचे. या लहानशा गावाने अल्जीरियाला गायक, चित्रकार, नट किती दिले याची गंमत तिथले लोक नेहमी सांगतात. शाबी या अल्जीयर्सच्या लोकप्रिय गायकीचे मोठे नाव हाज एल-आन्का यांचे कुळही त्याच भागातले. रुईशेद हे 'रशीद' या नावाचे लाडाचे रूप. त्या काळात अल्जीयर्सच्या रंगभूमीवर 'रशीद' म्हटले की एकच माणूस डोळ्यांपुढे यायचा : विनोदी नट रशीद क्सेन्तिनी. त्यामुळे हे टोपणनाव घेणे म्हणजे कोणाच्या घराण्यात बसायचे ते आधीच जाहीर करणे होते.

हे घराणे थोडे समजून घेतले पाहिजे. १९२१ मध्ये जॉर्ज अब्यद यांची नाटक मंडळी इजिप्तहून अल्जीरियात आली. नाटके भारदस्त, ऐतिहासिक, भाषा अभिजात अरबी. प्रेक्षागृहे रिकामी राहिली, कारण बाजारहाट करणाऱ्या, गोदीत राबणाऱ्या माणसाला ती भाषा कळत नव्हती. पाच वर्षांनी, १९२६ मध्ये, अल्लालू या नावाने लिहिणाऱ्या अली सेल्लाली यांनी 'जेहा' हे प्रहसन अल्जीयर्सच्या रोजच्या बोलीत रंगमंचावर आणले आणि गर्दी लोटली. जेहा म्हणजे अरबी मुलखातला लोककथांमधला चतुर वेडा. अल्जीरियाची आधुनिक रंगभूमी या प्रयोगापासून मोजतात. लगेचच क्सेन्तिनी या मंडळींत आले. संहिता हातात असली तरी ऐनवेळी सुचेल ते बोलायचे, प्रेक्षकांतून आलेली कोटी झेलायची, मध्येच गाणे म्हणायचे, ही त्यांची तऱ्हा. १९४४ मध्ये ते वारले, तेव्हा रुईशेद तेवीस वर्षांचे होते.

रुईशेद यांनी सुरुवात केली ती दुसऱ्या महायुद्धाच्या दिवसांत, लहान मंडळ्यांमधून आणि छोट्या विनोदी प्रवेशांमधून. पुढे ते महिद्दीन बश्तार्झी यांच्याकडे आले. बश्तार्झी हे गायक, इटालियन ऑपेरागायक कारुसो यांच्यावरून 'वाळवंटातला कारुसो' म्हणून गाजलेले, आणि त्याहून मोठे म्हणजे मंडळी चालवणारे. गावोगाव दौरे, नाटकाला जोडून गाण्यांची मैफल, रमजानच्या रात्री रोजा सुटल्यावर रंगणारे कार्यक्रम हे सगळे त्यांनी वसाहतीच्या अधिकाऱ्यांची मर्जी सांभाळत, कधी बंदी सोसत, चालू ठेवले. १९४७ पासून अल्जीयर्सच्या ऑपेरागृहात अरबी नाटकांचा हंगाम सुरू झाला तोही त्यांच्याच देखरेखीखाली. फ्रेंचांनी १८५३ मध्ये स्वतःसाठी बांधलेल्या या वास्तूत बोलीभाषेतला नट आता मखमली पडद्यापुढे उभा राहू लागला. रेडिओवरचे अरबी कार्यक्रमही याच नटांना हाताशी धरून चालत. आवाजावर माणूस उभा करायचा, चेहऱ्याची मदत नाही, ही रेडिओची तालीम रुईशेद यांना पुढे फार उपयोगी पडली असावी. त्यांच्या विनोदाचा निम्मा भाग बोलण्याच्या लयीत आहे.

युद्ध सुरू झाल्यावर नटांच्या वाटा फुटल्या. १९५८ मध्ये लढा चालवणाऱ्या राष्ट्रीय मुक्ती आघाडीने शेजारच्या ट्युनिशियात, ट्युनिसमध्ये, आपले कलापथक उभे केले, मुस्तफा कातेब यांच्या हाताखाली. अब्देलहलीम राईस यांची नाटके घेऊन हे पथक देशोदेशी फिरले. त्यातले 'कसबाची मुले' सर्वांत गाजले : एकाच घरातले लोक, आणि प्रत्येक जण आपापल्या वाटेने लढ्यात ओढला गेलेला. रुईशेद त्या पथकात नव्हते. ते अल्जीयर्समध्येच राहिले, पकडले गेले आणि तुरुंगात पडले. हा फरक नंतरच्या लेखनात दिसतो. ट्युनिसहून आलेल्या नाटकांत कसबा दिसते ती रणभूमी म्हणून. रुईशेद यांच्या नाटकात ती शेजाऱ्यापाजाऱ्यांची, गच्चीवरून गप्पा मारणाऱ्यांची आणि रात्री जिन्यात बुटांचा आवाज आला की श्वास रोखणाऱ्यांची वस्ती आहे.

जुलै १९६२ मध्ये देश स्वतंत्र झाला. ८ जानेवारी १९६३ रोजी ऑपेरागृहाचे राष्ट्रीयीकरण होऊन ते अल्जीरियन राष्ट्रीय नाट्यगृह झाले. आज त्याला बश्तार्झींचे नाव आहे. पहिल्या हंगामात साहजिकच 'कसबाची मुले' झाले. पण सुरुवातीच्या त्याच हंगामांत रुईशेद यांनी लिहिलेले 'हसन टेरो' हे नाटक कातेब यांनी बसवले. रुईशेद नाटककार म्हणून पुढे आले ते इथून.

हसन कोण? कसबामधला खाऊनपिऊन सुखी, बायकोमुलांचा माणूस. देशाबद्दल त्याला वाटते सगळे, पण लांबून. त्याच्या घरात एका क्रांतिकारकाला आसरा द्यावा लागतो आणि तिथून हसनची झोप उडते. बोलण्यात शूर, वागण्यात घाबरट असा हा माणूस योगायोगांच्या साखळीतून शेवटी फ्रेंचांच्या लेखी भयंकर अतिरेकी ठरतो. 'टेरो' हे तेव्हाच्या फ्रेंच बोलण्यातले अतिरेक्याचे तोकडे नाव. ते भित्र्यात भित्र्या माणसाला बिरुद म्हणून लागते, यातच नाटकाची सगळी खोड आहे.

ही गंमत कशावर उभी आहे हे कळायला १९५७ सालची कसबा पाहावी लागते. त्या जानेवारीत फ्रेंच जनरल मास्यू यांच्या पॅराशूट सैनिकांकडे शहराच्या बंदोबस्ताची सूत्रे गेली. कर्नल त्रँकिए यांनी शहराचे भाग, भागांचे उपभाग पाडले, घरांच्या भिंतींवर क्रमांक रंगवले आणि त्या त्या ठिकाणच्या एकेका रहिवाशाला जबाबदार धरले. घरात किती माणसे झोपतात, पाहुणा आला तर कुठून, कालचा माणूस आज कुठे गेला, याचा जाब त्याने द्यायचा. आता कसबामधले घर : मधोमध उघडा चौक, भोवती दोन-तीन मजले, एकेका खोलीत एकेक कुटुंब, पाणी सगळ्यांचे एक, आणि वरच्या गच्च्या शेजारच्या गच्च्यांना भिडलेल्या. अशा घरात अनोळखी माणूस लपवणे म्हणजे दहा बिऱ्हाडांच्या डोळ्यांपुढे हत्ती लपवणे. हसनची धांदल प्रेक्षकांना अतिशयोक्त वाटली नाही, कारण त्यातले बरेच जण त्या भिंतींवरचे आकडे पाहत मोठे झाले होते किंवा म्हातारे झाले होते.

१९६८ मध्ये मोहम्मद लखदार-हामिना यांनी 'हसन टेरो' पडद्यावर आणला. हामिना तेव्हा नुकतेच 'ऑरेसचा वारा' या चित्रपटासाठी १९६७ च्या कान महोत्सवात पहिल्या कलाकृतीचे पारितोषिक घेऊन आले होते. मुलाच्या शोधात एका छावणीतून दुसऱ्या छावणीत वणवण करणाऱ्या आईची ती कथा. त्यात केल्तूम यांनी आईचे काम केले. एवढ्या करुण चित्रपटानंतर हामिना यांनी लगोलग प्रहसन हाती घ्यावे, हे आजही थोडे नवलाचे वाटते. शिवाय १९६६ मध्ये जिल्लो पोन्तेकोर्व्हो यांचा 'अल्जीयर्सची लढाई' येऊन गेला होता, व्हेनिस महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, सुवर्णसिंह, त्याला मिळाला होता. तेच शहर, तेच बोळ, तेच सैनिक. पोन्तेकोर्व्होंचा नायक, क्रांतिकारक अली ला पॉइंट, भिंतीआडच्या पोकळीत मरण पत्करतो. हसनला तशी पोकळी मिळाली तर तो तिथून बाहेरच यायचा नाही. जगाने पोन्तेकोर्व्होंचा चित्रपट पाहिला, अल्जीरियाने दोन्ही. अल्जीयर्सच्या घराघरांत वाक्ये पाठ झाली ती 'हसन टेरो'मधली अधिक, असे म्हणायला हरकत नाही.

रुईशेद यांचा अभिनय वरवर पाहता जुन्या प्रहसनाच्या वळणाचा वाटतो. नीट पाहिले तर त्यात एक संयम आहे. हसन कधीच विदूषक होत नाही. तो सतत हिशेब करत असतो : हे बोललो तर काय होईल, न बोललो तर काय होईल. तो हिशेब चुकतो तेव्हा हसू येते. घाबरलेला माणूस जास्त बोलतो, हे त्यांनी अचूक हेरले आणि सगळी भूमिका त्यावर तोलली.

हा नट नुसताच हसवणारा नाही हे दाखवणारी भूमिका मात्र दुसऱ्याच चित्रपटात आहे. मुलूद मामेरी यांच्या १९६५ च्या कादंबरीवरून अहमद राशेदी यांनी 'अफू आणि दंडुका' हा चित्रपट १९६९ मध्ये केला. काबिलियातले एक गाव, त्यात सैन्याची दडपशाही, आणि गावातलाच एक माणूस तय्येब, फ्रेंचांच्या हाताखाली गावकऱ्यांना छळणारा. हे काम रुईशेद यांनी केले. सिद अली कुईरेत यांचा अली ताठ उभा राहून मरतो, आणि 'अली, उभा मर' ही त्यातली हाक अल्जीरियात अजून बोलण्यात येते. त्या अलीपुढे लोकांचा लाडका हसन फितूर म्हणून उभा करणे हे धाडसाचे होते. भित्रेपणाचे एक टोक हसन, दुसरे तय्येब; एकच नट दोन्हीकडे जाऊन येतो.

रंगभूमीसाठी त्यांनी पुढेही लिहिले. 'एल घूला' म्हणजे राक्षसीण. हे नाटक स्वातंत्र्यानंतर उगवलेल्या संधिसाधूंवर आहे. ते बसवले अब्देलकादेर अल्लूला यांनी. तेव्हा ते पंचविशीचे होते, पुढे अल्जीरियाच्या प्रायोगिक रंगभूमीचे ते मोठे दिग्दर्शक झाले. 'एल बुवाबून' हे इमारतींच्या रखवालदारांवरचे नाटक. युरोपीय लोक देश सोडून गेले, त्यांची मोकळी घरे नव्या रहिवाशांनी भरली आणि जिन्याखाली बसणारा रखवालदार सगळ्यांची पायरी ओळखू लागला. रुईशेद यांचे माणूस हेरण्याचे कसब इथे दिसते. मंत्री किंवा जनरल त्यांच्या नाटकाच्या मध्यभागी कधी नसतात, तिथे दारावरचा माणूस असतो.

हसनची लोकप्रियता एवढी की तो परत परत बोलावला गेला. मुस्तफा बादी यांच्या 'हसन टेरोचे पलायन' (१९७४) मध्ये पहिलीच गोष्ट पुढे नेली आहे, आणि तिच्यात पहिल्याची धार नाही. 'हसन टॅक्सी' (१९८२, दिग्दर्शक मोहम्मद स्लिम रियाद) मात्र नव्या विषयाला हात घालतो. माजी स्वातंत्र्यसैनिक झालेला हसन आता अल्जीयर्समध्ये टॅक्सी चालवतो. टॅक्सीचा परवाना ही तिथे सैनिकांना आणि हुतात्म्यांच्या विधवांना मिळणारी सवलत होती. अनेक जण तो दुसऱ्याला भाड्याने देत आणि महिन्याचे पैसे घेत. म्हणजे युद्धातल्या कर्तबगारीचे रूपांतर चार चाकांत आणि मासिक उत्पन्नात झालेले. ज्याची कर्तबगारी मुळात गैरसमजातून आली, त्या हसनच्या हाती हे स्टिअरिंग देणे ही कल्पना मार्मिक आहे. मागच्या सीटवर एकेक प्रवासी बसतो आणि त्याच्याबरोबर वीस वर्षांचे स्वातंत्र्य बोलू लागते.

अल्जीरियाच्या विनोदात असे ठरीव माणसांचे साचे बरेच आहेत. हसन एल-हसनी यांचा बूबग्रा हा खेड्यातला, गुरेढोरे राखणारा, शहरी बाबूला भोळेपणाने पेचात धरणारा. हाज अब्देर्रहमान यांचे इन्स्पेक्टर ताहर जिजेल या समुद्रकाठच्या शहराच्या हेलात बोलत चुकीच्या माणसामागे धावतात. रुईशेद यांचा हसन पक्का शहरी, कसबाच्या बोलीचा. तिन्ही माणसे तीन बोलींची, आणि तिघांनाही अधिकृत अभिजात अरबी जमत नाही. सरकार शाळा-कचेऱ्यांतून अरबीकरणाचा धडाका लावत असताना चित्रपटगृहातले हशे मात्र या बोलींनाच मिळत राहिले.

ऑक्टोबर १९८८ मध्ये अल्जीयर्सचे तरुण रस्त्यावर आले, सैन्याने गोळ्या चालवल्या, एकपक्षीय राजवटीला तडा गेला. पुढच्याच वर्षी घौती बेन्देद्दूश यांच्या 'हसन निया' मध्ये, म्हणजे 'भोळा हसन' मध्ये, रुईशेद त्या नावाने चौथ्यांदा पडद्यावर आले. नंतरची वर्षे नटांना जीवघेणी ठरली. 'एल घूला' बसवणारे अल्लूला यांच्यावर मार्च १९९४ मध्ये ओरान शहरात गोळ्या झाडल्या गेल्या आणि ते चार दिवसांनी वारले. राष्ट्रीय नाट्यगृहाचे संचालक, नट अझेद्दीन मेजूबी यांना फेब्रुवारी १९९५ मध्ये नाट्यगृहाबाहेरच मारण्यात आले. ज्या इमारतीत 'हसन टेरो' पहिल्यांदा रंगले, तीच ही इमारत.

रुईशेद २८ जानेवारी १९९९ रोजी, वयाच्या सत्त्याहत्तराव्या वर्षी वारले. त्यांचे बहुतेक सोबती आधीच गेले होते : बश्तार्झी १९८६ मध्ये, हसन एल-हसनी १९८७ मध्ये, मुस्तफा कातेब १९८९ मध्ये. केल्तूम मागे राहिल्या आणि २०१० पर्यंत जगल्या.